सरपंच, उपसरपंच, सदस्य यांना पदावरून काढताना सुनावणीचा हक्क: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पुणे जिल्ह्यात हवेली, मुळशी, मावळ, खेड या पट्ट्यात जमिनीला भाव आला तशी ग्रामपंचायतीची खुर्चीही वादाची झाली. तक्रारी होतात. काही खऱ्या असतात, काही निवडणुकीतला राग काढण्यासाठी केलेल्या. दोन्हीकडे आमचा पहिला प्रश्न एकच असतो: गावाने निवडून दिलेल्या माणसाला काढण्याआधी त्याचं म्हणणं खरोखर ऐकलं का? खालचे प्रश्न सरपंच, उपसरपंच, सदस्य आणि तक्रारदार ग्रामस्थ या सगळ्यांकडून येतात. उत्तरं महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ आणि न्यायालयांच्या निकालांवर बेतलेली आहेत. या अधिनियमात वरचेवर दुरुस्त्या होतात, म्हणून अर्ज किंवा अपील करण्याआधी त्याची ताजी प्रत जरूर पाहा.

गैरव्यवहार उघड दिसत असेल तर सुनावणीत वेळ कशाला घालवायचा?

वरून उघड दिसणारी गोष्ट दप्तर उघडल्यावर वेगळी निघू शकते, म्हणून. समजा, गटाराचं काम न करताच बिल काढल्याची तक्रार आहे. चौकशीला आलेल्या साहेबांना जागेवर गटार दिसत नाही. सरपंचांचं म्हणणं असं की काम झालं होतं, पुढे रस्ता रुंद करताना ते उखडलं गेलं. मोजमाप पुस्तिकेत (झालेल्या कामाची मापं लिहितात त्या वहीत) शाखा अभियंत्याची नोंद आहे, कामाचे फोटो आहेत. हे खरं असेल, खोटंही असेल. पण मोजमाप पुस्तिका मागवल्याशिवाय आणि सरपंचांना विचारल्याशिवाय ते ठरणार कसं?

दुसरं कारण आम्हाला जास्त महत्त्वाचं वाटतं. सरपंचपद ही कुणाची नोकरी नाही. ते गावाने मत देऊन दिलेलं आहे. ते एका आदेशाने काढून घेतलं की त्या माणसाच्या अब्रूबरोबर मतदारांचा कौलही पुसला जातो. सर्वोच्च न्यायालयाने रवी यशवंत भोईर विरुद्ध जिल्हाधिकारी, रायगड (२०१२) या प्रकरणात हेच बजावलं. प्रकरण उरणच्या नगराध्यक्षांचं होतं, पण तत्त्व ग्रामपंचायतीलाही तेवढंच लागू आहे: निवडून आलेल्या व्यक्तीला काढणं ही कलंक लावणारी, गंभीर गोष्ट आहे, ती कायद्याने सांगितलेल्या पद्धतीनेच व्हायला हवी आणि आदेशात कारणं लिहिलेली हवीत. त्याआधी तरलोचन देव शर्मा विरुद्ध पंजाब राज्य (२००१) या निकालात न्यायालयाने सांगितलं होतं की एखाद्या सुट्या चुकीसाठी काढून टाकण्याचं हत्यार उगारायचं नसतं.

पदावरून काढण्याचे मार्ग कोणते? सगळ्यांत सुनावणी सारखीच असते का?

नाही, आणि इथेच सगळ्यात जास्त गोंधळ होतो. पहिला मार्ग कलम ३५ चा, अविश्वास ठरावाचा. दुसरा कलम ३९ चा: गैरवर्तन, लाजिरवाणं वर्तन, कर्तव्यात कसूर किंवा कर्तव्य पार पाडण्याची असमर्थता सिद्ध झाल्यावर विभागीय आयुक्तांनी काढणं. तिसरा कलम १४ आणि १६ चा, अपात्रतेचा: घरपट्टीची थकबाकी, सरकारी जागेवर अतिक्रमण, दोनपेक्षा जास्त अपत्यं, पंचायतीच्या कामात किंवा ठेक्यात हितसंबंध वगैरे. तो निर्णय जिल्हाधिकारी देतात.

हातात नोटीस पडली की आधी ती कोणत्या कलमाखाली आहे ते पाहा. कलमावरून अधिकारी ठरतो, पुरावा ठरतो, अपिलाची मुदतही ठरते. कलमाचा उल्लेखच नसलेल्या नोटिसाही निघतात. अशा वेळी उत्तराच्या पहिल्याच परिच्छेदात लिहून विचारा की ही कारवाई कोणत्या तरतुदीखाली चालली आहे.

अविश्वास ठरावात सरपंचाला बाजू मांडता येते का?

येते. अविश्वास ठरावात आरोप सिद्ध करावे लागत नाहीत, त्यामुळे चौकशी होत नाही. कायद्याने ठरवलेल्या किमान संख्येइतके सदस्य तहसीलदारांना सूचना देतात, तहसीलदार ७ दिवसांच्या आत विशेष सभा बोलावतात आणि स्वतः अध्यक्षस्थानी बसतात. ज्यांच्याविरुद्ध ठराव आहे त्यांना त्या सभेत बोलण्याचा, कामकाजात भाग घेण्याचा आणि मत देण्याचाही हक्क कायद्याने दिलेला आहे. सभा सुरू झाल्या झाल्या थेट हात वर करायला लावले आणि सरपंचांना तोंडच उघडू दिलं नाही, तर ती हरकत तिथल्या तिथे इतिवृत्तात नोंदवून घ्या. घरी येऊन चार दिवसांनी लिहिलेल्या अर्जाला तेवढं वजन राहत नाही.

ठराव वैध नाही असं वाटत असेल तर तो मंजूर झाल्यापासून ७ दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे वाद दाखल करावा लागतो. हे ७ दिवस भराभर निघून जातात.

सरपंच थेट जनतेतून निवडून आले असतील तर?

मग फक्त सदस्यांच्या ठरावाने भागत नाही. तीन चतुर्थांश सदस्यांनी ठराव मंजूर केल्यावर तो विशेष ग्रामसभेपुढे गुप्त मतदानाला जातो. ज्यांनी निवडलं त्यांनाच विचारा, असा त्यामागचा विचार आहे आणि तो आम्हाला योग्य वाटतो. या ग्रामसभेत सरपंचांनी आपलं म्हणणं गावापुढे मांडावं. निवडून आल्यापासून पहिली दोन वर्षं आणि मुदत संपण्याआधीचे सहा महिने अविश्वास आणता येत नाही.

कलम ३९ ची चौकशी कशी चालते?

तक्रार बहुतेक वेळा पंचायत समितीत गटविकास अधिकाऱ्यांकडे किंवा थेट जिल्हा परिषदेत मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकडे जाते. आधी प्राथमिक चौकशी होते. तथ्य दिसलं तर प्रकरण विभागीय आयुक्तांकडे जातं. पुणे विभागात पुण्यासह सातारा, सांगली, सोलापूर आणि कोल्हापूर हे जिल्हे येतात, त्यामुळे पाचही जिल्ह्यांतले सरपंच याच सुनावण्यांसाठी पुण्यात येताना दिसतील.

कायद्याने सांगितलेला क्रम असा: मुख्य कार्यकारी अधिकारी किंवा आयुक्तांच्या आदेशाने अधिकार मिळालेला अधिकारी चौकशी करतो. त्याआधी पंचायतीला आणि संबंधित व्यक्तीला रीतसर नोटीस द्यावी लागते. चौकशीत त्या व्यक्तीला म्हणणं मांडण्याची वाजवी संधी द्यावी लागते. मग अहवाल मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांमार्फत आयुक्तांकडे जातो आणि आयुक्त पुन्हा त्या व्यक्तीला ऐकून निर्णय देतात. म्हणजे ऐकून घेण्याचे टप्पे दोन आहेत. पहिल्या टप्प्यावर ऐकलं म्हणून दुसरा गाळता येत नाही आणि आयुक्तांनी ऐकलं म्हणून पहिल्या टप्प्यावरची चूक आपोआप धुऊन निघत नाही.

विस्तार अधिकारी गावात आले, पंचनामा केला, जबाब लिहून घेतले. ती सुनावणी झाली ना?

नाही. ती प्राथमिक चौकशी. तक्रारीत दम आहे का एवढंच पाहण्यासाठी ती असते. तिच्या अहवालावर विसंबून थेट काढून टाकता येत नाही. आमच्याकडे येणाऱ्या कागदांत हा दोष सगळ्यात जास्त दिसतो: विस्तार अधिकाऱ्यांचा दोन पानी अहवाल, त्यावर गटविकास अधिकाऱ्यांची सही, खाली ‘सहमत’ असा शेरा, आणि तोच अहवाल पुढे कलम ३९ ची चौकशी म्हणून वरपर्यंत गेलेला. चौकशी नेमकी कुणी केली, त्या अधिकाऱ्याला तो अधिकार कोणत्या आदेशाने मिळाला आणि नोटीस कोणत्या तारखेची होती, हे तीन प्रश्न लेखी विचारा.

पंचनाम्यावर सही करताना मजकूर पूर्ण वाचा. पटत नसेल तर सही नाकारून वाद घालू नका. सहीच्या वर ‘मजकूर मान्य नाही, म्हणणं स्वतंत्रपणे देत आहे’ असं स्वतःच्या हाताने लिहा आणि मग सही करा.

‘वाजवी संधी’ म्हणजे नेमकं काय?

कायद्यात तिची व्याख्या नाही. न्यायालयांनी ती प्रकरणागणिक घडवली आहे. तिचा अर्थ आम्ही असा लावतो.

आरोप स्पष्ट कळला पाहिजे. ‘आपण कामात अनियमितता केली आहे, सात दिवसांत खुलासा करावा’ ही नोटीस नव्हे. कोणतं काम, कोणत्या वर्षीचं, कोणत्या निधीतलं, किती रकमेचं, कोणत्या नियमाचा भंग, हे त्यात हवं. चौदाव्या की पंधराव्या वित्त आयोगाचा निधी, एवढंही लिहिलेलं नसेल तर माणूस उत्तर कशाचं देणार?

ज्या कागदांवर आरोप उभा आहे ते कागद मिळाले पाहिजेत: तक्रार अर्ज, चौकशी अहवाल, जबाब, लेखापरीक्षणातले आक्षेप. ग्रामपंचायतीचं दप्तर चौकशीसाठी पंचायत समितीने ताब्यात घेतलेलं असतं. रोकड वही, प्रमाणकं, ठराव वही सगळं तिकडे, आणि सरपंचांना सांगितलं जातं की पुराव्यानिशी खुलासा करा. अशा वेळी दप्तर पाहू द्यावं आणि प्रती द्याव्यात असा अर्ज करून त्याची पोच घ्या. मागूनही कागद दिले नाहीत, ही अपिलातली सगळ्यात भक्कम बाजू ठरू शकते. मागितलेच नसतील तर ती बाजू लंगडी पडते.

तयारीला वेळ मिळाला पाहिजे. संध्याकाळी नोटीस आणि दुसऱ्या दिवशी सकाळी अकराला पुण्यात हजर राहा, असं झालं तर भोर-वेल्ह्याच्या डोंगरातल्या माणसाने काय करायचं? मुदतवाढ मागायला संकोच करू नका. पण दर तारखेला मुदत मागू नका, कारण मग अधिकाऱ्याला ‘पुरेशी संधी देऊनही’ असं लिहिण्याची वाट मोकळी होते.

ऐकणाऱ्याचा प्रकरणात स्वतःचा हितसंबंध नको. आणि ज्याने ऐकलं त्यानेच निर्णय द्यायला हवा. गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात १९५९ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं होतं. सुनावणी एका साहेबांपुढे झाली, त्यांची बदली झाली आणि नव्या साहेबांनी फाईल पाहून आदेश काढला, असं घडलं तर पुन्हा सुनावणी मागण्याचा तुमचा हक्क आहे.

शेवटी, तुमच्या म्हणण्याचं उत्तर आदेशात दिसलं पाहिजे. ‘खुलासा समाधानकारक नाही’ या तीन शब्दांवर गावाचा कौल रद्द करता येत नाही. का समाधानकारक नाही, कोणता पुरावा मानला, कोणता मानला नाही, हे आदेशात हवं. मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून (१९७८) हेही पक्कं झालं आहे की आदेशात नसलेली कारणं नंतर न्यायालयात प्रतिज्ञापत्राने घुसडता येत नाहीत.

खुलासा कसा लिहावा?

मुद्देसूद, आणि आरोपाच्या क्रमानेच. राजकारणाची कहाणी शेवटी एका परिच्छेदात. तक्रारदार कोणत्या गटाचा आहे, हे सांगण्यात पहिली चार पानं घालवलेले खुलासे आम्ही पाहिले आहेत. वाचणाऱ्याला मोजमाप पुस्तिकेचं पान हवं असतं. आर्थिक व्यवहारात सरपंच आणि ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचे ग्रामसेवक) दोघांचीही जबाबदारी असते, म्हणून कोणता निर्णय कुणाचा होता, मासिक सभेचा ठराव कोणत्या तारखेचा आहे, हे वेगळं करून दाखवा. तोंडी सुनावणी हवी असल्यास ती शब्दांत मागा. वकील असलाच पाहिजे असं नाही. अनेक सरपंच स्वतःच आपलं म्हणणं मांडतात. सुनावणी झाल्यावर रोजनामा (त्या दिवशीच्या कामकाजाची नोंद) वाचूनच सही करा. तुम्ही काय कागद दिले याची नोंद त्यात नसेल तर ती घालायला सांगा.

थकबाकी, अतिक्रमण, तिसरं अपत्य यांत बचाव तरी काय करणार?

बरंच काही. थकबाकीचंच पाहा. कलम १४(ह) नुसार कर थकला एवढ्याने सदस्यत्व जात नाही. मागणीचं बिल रीतसर बजावलेलं असावं लागतं आणि त्यानंतर तीन महिन्यांत पैसे भरलेले नसावे लागतात. बिल खरंच बजावलं का, कुणी घेतलं, पोच कुठे आहे, तारीख काय, हे सगळं सुनावणीतच उघड होतं. कधी बिल सदस्याच्या नावाचं नसतंच, चुलत्याच्या नावाच्या मिळकतीचं असतं.

अतिक्रमणाचा मामला जास्त कडक झाला आहे. जनाबाई विरुद्ध अपर आयुक्त (२०१८) या निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी ठरवलं की मूळ अतिक्रमण कुटुंबातल्या दुसऱ्या कुणी केलेलं असलं आणि सदस्य त्या जागेचा वापर करत राहिला, तरी अपात्रता लागू होऊ शकते. म्हणून ‘ते वडिलांनी बांधलं होतं’ हे उत्तर आता पुरत नाही. पण जागा मुळात सरकारी किंवा सार्वजनिक आहे का, बांधकाम हद्दीच्या आत की बाहेर, सदस्य तिथे राहतो का, हे सिद्ध करावंच लागतं. त्यासाठी भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी मागा. डोळ्याने पाहून केलेला पंचनामा म्हणजे मोजणी नव्हे.

अपत्यांच्या बाबतीत १२ सप्टेंबर २००१ ही तारीख कळीची: त्यानंतर तिसरं अपत्य झालं का, हे पाहिलं जातं. जन्मनोंदीचा उतारा आणि शाळेचा दाखला यांत तफावत असेल तर ती आधीच समजावून सांगा.

जिल्हाधिकाऱ्यांकडे अपात्रतेचा अर्ज आला की लगेच काम थांबवावं लागतं का?

नाही. कलम १६ मध्ये स्पष्ट आहे: निर्णय होईपर्यंत सदस्य पदावर राहतो. अर्ज शक्यतो ६० दिवसांत निकाली काढायचा असतो आणि म्हणणं मांडण्याची वाजवी संधी दिल्याशिवाय कुणाविरुद्ध आदेश काढता येत नाही. गावात ‘सरपंच अपात्र झाले’ असे मेसेज फिरतात, त्यांना काही अर्थ नसतो.

जात पडताळणी प्रमाणपत्र वेळेत दिलं नाही तर? तिथेही सुनावणी मिळते?

इथे आशा लावू नये. राखीव जागेवर निवडून आलेल्यांनी कायद्याने दिलेल्या मुदतीत वैधता प्रमाणपत्र सादर केलं नाही तर निवड आपोआप रद्द होते, असं न्यायालयांनी मानलं आहे. जात पडताळणी समितीने उशीर केला ही कैफियत खरी असली तरी ती मुदत संपण्याआधी मांडायची असते.

महिला सरपंचांच्या बाबतीत वेगळं काही?

कायदा वेगळा नाही, वागणूक वेगळी असते. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेडा गावच्या महिला सरपंचांना सरकारी जागेवरच्या घरात राहतात या आरोपावरून काढलं गेलं होतं. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. बाई सरपंच झाली हे गावातल्या काहींना पचलं नाही, याची नोंद न्यायालयाने घेतली आणि अधिकाऱ्यांनी किती सहजपणे, पुरेशी शहानिशा न करता तिला काढलं यावर कठोर शब्दांत बोट ठेवलं. महाराष्ट्रात पंचायतींत निम्म्या जागा महिलांना राखीव आहेत. त्यांना असं उडवता येत असेल तर त्या आरक्षणाला काय उरलं?

एक गोष्ट मात्र घरच्यांना सांगायची आहे. नोटीस सरपंचबाईंच्या नावाची, पोचपावतीवर सही पतीची, सुनावणीत बोलणारे दीर, हे थांबवा. ‘आमच्या ह्यांना माहीत आहे’ हे वाक्य तिथे ऐकू आलं की कर्तव्य पार पाडण्याच्या असमर्थतेचा मुद्दा आयता पुरवला जातो. ताई, सुनावणीला तुम्ही जा आणि तुम्हीच बोला. अडखळलात तरी चालेल. लेखी म्हणणं हातात असतंच.

आम्ही तक्रारदार आहोत. सुनावणीच्या नावाखाली प्रकरण वर्षभर लोंबकळतं, त्याचं काय?

तुमची तक्रार रास्त आहे. सुनावणीचा हक्क म्हणजे तारखा पाडण्याचा हक्क नव्हे. कलम ३९ च्या चौकशी अहवालाला एक महिन्याची मुदत कायद्यातच आहे. ती उलटली की त्या तरतुदीचा हवाला देऊन मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना आणि आयुक्त कार्यालयाला स्मरणपत्र द्या. चौकशी कुठवर आली याची माहिती माहिती अधिकारात मागा. त्याला ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. आणि एक सांगणं: प्रक्रिया नीट व्हावी असा आग्रह तुम्हीच धरा. घाईघाईत काढलेला आदेश अपिलात पडला की खरा दोषी सरपंच पेढे वाटत परत खुर्चीवर बसतो.

चौकशी लागल्यावर राजीनामा दिला तर सगळं मिटतं का?

मिटत नाही. राजीनामा दिलेल्या व्यक्तीलाही त्याच कृत्यांसाठी कलम ३९(२) खाली पाच वर्षांपर्यंत अपात्र ठरवता येतं. तिथेही आधी ऐकून घ्यावं लागतं.

आदेश विरोधात गेला. पुढे काय?

कलम ३९ खालच्या आयुक्तांच्या आदेशाविरुद्ध आदेश मिळाल्यापासून १५ दिवसांत राज्य शासनाकडे अपील करता येतं. ते ग्रामविकास मंत्र्यांपुढे चालतं. कलम १६ खालच्या जिल्हाधिकाऱ्यांच्या निर्णयाविरुद्धही मुदत १५ दिवसांचीच, पण ती निर्णयाच्या तारखेपासून मोजतात. आमच्या विभागात ते अपील विभागीय आयुक्त कार्यालयात अपर आयुक्तांपुढे ऐकलं जातं. आदेशाची प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागा. अपिलासोबत स्थगितीचा अर्ज जोडा, कारण स्थगिती नसेल तर पोटनिवडणूक लागून प्रकरण हातचं जाऊ शकतं.

सुनावणी नीट झाली नाही हे सिद्ध झालं, की पद परत मिळतं?

दर वेळी नाही. बऱ्याचदा आदेश रद्द होऊन प्रकरण फेरसुनावणीला परत जातं. शिवाय प्रक्रियेत चूक झाली एवढं दाखवून अलीकडे भागत नाही. त्या चुकीमुळे तुमचं नुकसान काय झालं, हेही न्यायालय विचारतं. चौकशी अहवाल दिला नाही, ठीक. दिला असता तर तुम्ही काय दाखवलं असतं? त्याचं उत्तर तयार ठेवा आणि तो कागद जोडा.

हायकोर्टात जायचं तर मुंबई की कोल्हापूर?

कोल्हापूरचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालं. सातारा, सांगली, सोलापूर आणि कोल्हापूरच्या सरपंचांची रिट याचिका आता तिकडे जाते. पुणे जिल्हा त्यात नाही, त्यामुळे आपल्या जिल्ह्यातल्या ग्रामपंचायतींची याचिका अजूनही मुंबईलाच दाखल करावी लागते. जाण्याआधी अपिलाची वाट वापरलेली असावी, नाहीतर पहिल्याच तारखेला ‘आधी अपील करा’ म्हणून परत पाठवलं जाण्याची शक्यता असते. सोबत नोटीस, त्याला दिलेला खुलासा, कागद मागितल्याचे पोच घेतलेले अर्ज, रोजनाम्याची प्रत आणि दोन्ही आदेश तारखेच्या क्रमाने लावून न्या.